साडेनऊ पॉइंट वर

माझा दादा अमेरिकेत ज्या कॉलेजातून एमएस झाला, त्या कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल टीमला तो "आम्ही" म्हणतो. "आम्ही परवा थोडक्यात हरलो." "यंदा आमचा डिफेन्स भारी आहे." हा गृहस्थ तिथे जेमतेम दोन वर्षं होता. त्यातलं निम्मं लायब्ररीच्या तळघरात प्रिंटरमध्ये कागद भरण्यात गेलं. मैदानावर उतरायचं सोडाच, तिकीट परवडत नाही म्हणून स्टेडियममध्येसुद्धा तो एकदाच गेला होता. पुढे अमेरिकेने त्याला अकरा वर्षं ग्रीन कार्डच्या रांगेत ताटकळवलं आणि शेवटी व्हिसा न वाढवता घरी पाठवलं. तरी "आम्ही"! ते ऐकलं की माझं डोकं फिरायचं.

मग तो ऑस्ट्रेलियात आला, आणि कोविडच्या दुसऱ्या वर्षी कॅनबेराला, गुंगालिनमधल्या माझ्या घरात होता. एका सरकारी खात्यात आयटी कॉन्ट्रॅक्टवर काम करायचा. फ्लॅटचं लीज संपलं म्हणून "दोन आठवडे येतो गं" म्हणाला, आणि तिसऱ्याच दिवशी लॉकडाऊन लागला. मग सात आठवडे तो, मी आणि माझी दहा वर्षांची लेक. नवरा डार्विनला गॅसच्या प्रोजेक्टवर अडकलेला. इकडे आला असता तर परत जाताना दोन आठवडे क्वारंटाइन, म्हणून तिकडेच राहिला होता. दादा डायनिंग टेबल अडवून मीटिंगा करायचा. चहाचा कप जिथे पिऊन व्हायचा तिथेच सोडायचा. मी काही बोलले की म्हणायचा, "रिलॅक्स, लिंबू."

लिंबू म्हणजे मी. कच्चं लिंबू. लहानपणी गच्चीतल्या क्रिकेटमध्ये मला तीनदा आउट झाल्यावरच आउट धरायचे, तेव्हापासूनचं हे नाव. मी बेचाळीस वर्षांची बाई, माझ्या हाताखाली सहा माणसं, आणि माझ्याच किचनमध्ये मी लिंबू.

आईचं ऑपरेशन झालं ते याच सात आठवड्यांत. पुण्यात बाथरूममध्ये घसरली, खुब्याचं हाड मोडलं. बाबा जाऊन बरीच वर्षं झाली होती, त्यामुळे घरात ती एकटीच. ऑपरेशन नीट झालं, पण डॉक्टरांनी सांगितलं की निदान तीन-चार महिने घरचं माणूस हवं. दिवसपाळीच्या दोन बाया पंधरा दिवसांत सोडून गेल्या. एकीला कोविड झाला आणि दुसरी आईच्या तोंडाला घाबरली. आईला इकडे आणायचा प्रश्नच नव्हता, आईबाप म्हणजे "इमिजिएट फॅमिली" नव्हेत असं त्या वेळी या देशाचं म्हणणं होतं. म्हणजे आमच्यातल्या एकाने जायला हवं होतं.

आणि आमचं दोघांचंही अडलेलं होतं. मी इथली सिटिझन, त्यामुळे मला देशाबाहेर पडायला परवानगी काढावी लागणार होती. ती आईच्या आजारपणावर मिळाली असती, परतीची फ्लाइटही कधीतरी मिळाली असती. दादा कंपनीच्या व्हिसावर. त्याला जायला कोणी अडवत नव्हतं, पण एकदा गेला की परत घेतील याची खात्री नव्हती. त्याचा पीआर, म्हणजे कायम राहायचा परवाना, त्याच कंपनीच्या भरवशावर अर्ध्यात लटकलेला. मी म्हणायचे, मला लेक आहे, तिला कोणाकडे टाकू? तो म्हणायचा, मला अजून एका देशातून हाकलून घ्यायचं नाहीये. दोघांचंही खरं होतं.

माझं मात्र पुरतं खरं नव्हतं, हे आता सांगून टाकते. मी नवऱ्याला एकदा फोन करून "ये" म्हटलं असतं तर तो आला असता. क्वारंटाइन सोसलं असतं त्याने. मी विचारलंच नाही. पडल्यावर आईने फरशीवरून पहिला फोन दादाला केला होता, मला नाही. ते माझ्या मनात सलत होतं. बोलवायचंय लाडक्याला, तर येऊ दे लाडक्याला. असा विचार मी केला, आणि एकदा नव्हे, रोज भांडी घासताना केला.

तर तो शनिवार. सकाळपासून दादा खुशीत, कारण दुसऱ्या दिवशी त्याच्या कॉलेजची त्यांच्या जुन्या दुश्मन कॉलेजशी मॅच होती. ही मॅच म्हणे वर्षातून एकदाच होते. त्या दोन गावांतली माणसं त्यावरून लग्नं मोडतात, असं तो कौतुकाने सांगायचा. तिकडची शनिवार रात्र म्हणजे आमची रविवार सकाळ. तो फोनवर बेटिंगचं ॲप उघडून बसला होता. इथे टीव्हीवर दर पाच मिनिटांनी त्याच जाहिराती, त्यात हा दिवसभर घरात. दहा-वीस डॉलर लावायचा आणि शेअर बाजार चालवत असल्यासारखा चेहरा करायचा.

"साडेनऊची लाइन आहे," तो म्हणाला. मी विचारलं नव्हतं.

"म्हणजे काय?"

"म्हणजे आम्ही जिंकणार हे शेंबड्या पोराला पण माहितीये. मग त्यावर कोण कशाला लावेल? म्हणून हे लोक समोरच्यांना आधीच साडेनऊ पॉइंट देऊन टाकतात. आम्ही दहाने किंवा जास्तने जिंकलो तर आमच्यावर लावणारे जिंकले. नऊने किंवा कमीने जिंकलो, किंवा हरलो, तर समोरच्यांवर लावणारे जिंकले."

"जिंकूनही हरलात?"

"मॅच जिंकली. बेट हरलो. दोन वेगळ्या गोष्टी आहेत, लिंबू. तुला नाही कळायचं."

"आणि अर्धा पॉइंट कोणाचा? अर्धा गोल असतो का तुमच्यात?"

"बरोबरी होऊ नये म्हणून असतो तो. आणि हा आकडा कोण किती चांगलं खेळतं त्यावरच नसतो काही. अर्ध्या लोकांनी इकडे लावावं आणि अर्ध्यांनी तिकडे, असा बघून ठेवतात."

हे ऐकलं आणि मला हसूच आलं. याला वाटत होतं हा मला अमेरिकेतली काहीतरी थोर विद्या शिकवतोय. अरे, ही तर आमच्या घरची रीत! आई शाळेत गणित शिकवायची. घरात आम्हा दोघांचं कशावरूनही वाजलं की ती कॅरम काढायला लावायची, नाहीतर गच्चीवर पाठवायची. मी चार वर्षांनी लहान, म्हणून आधी ठरायचं की मला वर किती. दादा म्हणायचा पाच, मी म्हणायचे पंधरा. आई मधला एक आकडा सांगायची, आणि आम्ही दोघंही कुरकुरलो की म्हणायची, "दोघंही कुरकुरताय ना? मग आकडा बरोबर आहे." आणि पैज नेहमी एकच असायची. हरेल तो दळण आणेल. गिरणी उतारावर होती, येताना पिठाचा डबा घेऊन चढण चढायची, आणि घरी पोचेपर्यंत भुवयासुद्धा पांढऱ्या व्हायच्या. मी वर दहा घेऊनही बहुतेक वेळा हरायचे. त्या चढणीचा एकेक खड्डा मला पाठ आहे.

"आम्ही साडेनऊने काय, वीसने मारू," दादा म्हणाला. "फुकटचे पैसे आहेत हे."

"एवढी खात्री आहे?"

"शंभर टक्के."

"मग लाव."

"लावलेत की. पन्नास."

"पैसे नाही," मी म्हणाले. "आईकडे जाणं लाव. मला साडेनऊ वर. हरेल तो जाईल."

तो माझ्याकडे बघत राहिला. बाहेरून रिकामी ट्राम गेली. लेक सोफ्यावर आयपॅड घेऊन बसली होती, तिने मान वर केली. दादा "वेडी आहेस का" म्हणाला असता तर मी विषय सोडला असता. खरंच सोडला असता. पण त्याचं ते ठरलेलं हसू आलं, लहानपणी कॅरमवर पहिली सोंगटी घालवल्यावर यायचं ते.

"मग रडायचं नाही हां, लिंबू," तो म्हणाला.

"रडतंय माझं खेटर."

आमच्यातलं कोणीच आईविषयी बोललं नाही.

रविवारी साडेदहाला मॅच सुरू झाली. मी पोहे केले होते, त्याने हुडी घातली होती. कॉलेजची हुडी, कोपरावर विरलेली. टीव्हीवर ते स्टेडियम बघून माझा संतापच झाला. लाखभर माणसं खांद्याला खांदा लावून बोंबलतायत, एकाच्या तोंडाला मास्क नाही. आणि इकडे आम्ही घराबाहेर किती वेळ चाललो याचा हिशेब ठेवतोय.

खेळ मला दादाने सांगितला तेवढाच कळत होता. बॉल हातात घेऊन समोरच्यांच्या शेवटच्या रेषेपार गेलं की सहा, मग एक किक मारून सातवा. तेवढं जमलं नाही तर लांबून दोन खांबांच्या मधून किक मारायची, तिचे तीन. त्याच्या टीमने पहिल्या अर्ध्या तासात दोनदा रेष ओलांडली. हाफ टाइमला सतरा-तीन. म्हणजे चौदाने पुढे.

"परमिशनचा फॉर्म आजच भर," दादा म्हणाला. "साइट स्लो असते."

मी पोह्यांच्या कढईला तळाशी लागलेलं खरवडत बसले. मनात मात्र पुण्याला पोचलेसुद्धा होते. आईच्या त्या खोलीत, त्या औषधांच्या वासात, तिचं "दादाला जमलं नाही वाटतं?" ऐकत.  आणि ज्या दुश्मन कॉलेजच्या गावाचं नाव आदल्या दिवशीपर्यंत मला धड म्हणता येत नव्हतं, त्या गावातल्या वीस-वीस वर्षांच्या पोरांना मी मनातल्या मनात विनवत होते की अरे पळा, पळा ना रे गाढवांनो.

आणि पळाले की! सतरा-दहा झालं. मग दादाच्या लोकांनी अजून एक घातला, चोवीस-दहा, तेव्हा तो उठून नाचला आणि लेकीला उचलून गोल फिरवलं. मग शेवटची सहा मिनिटं असताना समोरच्यांनी एक घातला. चोवीस-सतरा. फरक फक्त सातचा.

मग बॉल दादाच्या टीमकडे आला आणि ते हळूहळू, घाई न करता, पुढे सरकत राहिले. थेट रेषेच्या दोन यार्ड अलीकडे. घड्याळात मिनिटभर उरलेलं, आणि समोरच्यांकडे घड्याळ थांबवायची सोयही संपलेली. दोन यार्ड म्हणजे या किचनच्या ओट्यापासून फ्रिजपर्यंत. ती रेष ओलांडली की फरक तेराचा किंवा चौदाचा, आणि मी विमानात.

"संपलं," दादा म्हणाला. "गुडबाय, लिंबू."

मी डोळे मिटून घेतले. उघडले तेव्हा त्याच्या टीमचा तो बॉल घेणारा मुलगा एक गुडघा टेकून शांतपणे जमिनीवर बसला होता.

"हे काय करतोय?" मी विचारलं.

 पुन्हा बॉल आला, पुन्हा त्याने गुडघा टेकला. त्याला गरजच नव्हती ना! मॅच जिंकलेली होती. आता उगीच कोणाचं हाड मोडायला नको, बॉल हातातून निसटायला नको, म्हणून खाली बसायचं आणि घड्याळ संपू द्यायचं. शहाणी टीम हेच करते, असं दादानेच मला आदल्या आठवड्यात शिकवलं होतं, ते तेव्हा आठवलं.

"अरे घुस ना!" दादा ओरडला. आवाज फाटला त्याचा. "दोन यार्ड आहे! घुस ना, भडव्या!"

"मामा, लँग्वेज," लेक म्हणाली.

घड्याळ शून्यावर आलं. माणसं कठडे ओलांडून मैदानात घुसली, बँड वाजायला लागला, दादाच्या हुडीसारख्या हुड्या घातलेली पोरंपोरी एकमेकांच्या गळ्यात पडून रडत होती. त्याचं कॉलेज जिंकलं होतं आणि तो भूत बघितल्यासारखा सोफ्याच्या काठावर बसला होता. चोवीस-सतरा. सातने.

"आम्ही जिंकलो," तो म्हणाला.

"हो. तुम्ही जिंकलात," मी म्हणाले. "तू हरलास."

मला आनंद झाला. खोटं कशाला बोलू?  पस्तीस वर्षांच्या दळणाचा वचपा निघाला असं वाटलं मला. मी "येस!" म्हणून टाळीसुद्धा वाजवली, त्याच्या नाकासमोर.

तेवढ्यात आयपॅडवर आईचा व्हिडिओ कॉल आला. रविवारी यायचाच, तिच्या सकाळच्या चहानंतर. मी घ्यायच्या आत लेकीने घेतला.

"हाय आजी! गेस व्हॉट, मामा लॉस्ट, सो ही हॅज टु गो टु यू."

आई पलंगावर उशांना टेकून बसली होती. केस विंचरलेले नव्हते. "काय म्हणतेस गं?" ती म्हणाली. "हळू बोल."

लेकीने सगळं सांगितलं. अर्धं इंग्लिश, अर्धं मराठी, एकदम मन लावून, शाळेत प्रोजेक्ट सांगावा तसं. मी आयपॅड घ्यायला हात पुढे केला तर तिने पाठ फिरवली. दादा जागचा हलला नाही.

"किती वर दिले होते तुझ्या आईला?" आईने विचारलं.

"नाइन अँड अ हाफ. साडेनऊ."

"अर्धा बरोबरी टाळायला, ना?"

"यस! आजी, यू गेट इट!"

"आणि आई हरली असती तर?"

"देन शी हॅज टु गो टु यू."

आईने मान हलवली. वर्गात पोराने गणित बरोबर सोडवलं की हलवायची, तशी. "बरं," ती म्हणाली. "चहा गार होतोय माझा." आणि कॉल बंद झाला. चहा तर पिऊन झालेला असायचा तिचा.

दादा अठरा दिवसांनी गेला. एअरपोर्टला जाणारी कॅब दारात उभी असताना मी एकदा म्हणाले, "हे बघ, आपण ते सीरियसली घ्यायला नको." तो म्हणाला, "हरलो तर हरलो. मी रडत नाही." हुडी खुर्चीवरच ठेवून गेला. दीड-दोन महिन्यांत त्याच्यासारख्यांना परत यायला परवानगी मिळाली, पण तोवर कॉन्ट्रॅक्ट दुसऱ्याला गेलं होतं आणि कंपनीने व्हिसाचा हात काढून घेतला होता. आता तो पुण्यातच असतो, हिंजवडीला नोकरी करतो.

मी पुढच्या एप्रिलमध्ये, शाळेच्या सुट्टीत, लेकीला घेऊन गेले. आई वॉकर धरून घरात फिरत होती. माझ्याशी छान बोलली. प्रवास कसा झाला, नवरा कसा आहे, कॅनबेराला थंडी पडली का. मॅचचा विषय नाही, टोमणा नाही. आईने टोमणा मारला नाही की मला धडकी भरते, आणि दोन दिवस मी त्याच धडकीत काढले.

तिसऱ्या दिवशी सकाळी दादाने डब्यात गहू भरले. आईला अजून गिरणीचंच पीठ लागतं. तो चपला घालत होता, तेव्हा मी धावत गेले आणि डब्याची कडी धरली.

"दे, मी जाते," मी म्हणाले. "तू बस आज."

"राहू दे गं," आई खुर्चीतून म्हणाली. "तू जिंकलीस ना? जिंकणाऱ्याने दळणाला जायचं नसतं."

"आई, ते आम्ही..."

"अगं, घरचा नियमच आहे तो, मीच केलेला." ती वॉकरवर हात ठेवून माझ्याकडे बघत होती, अगदी शांतपणे. "त्या वेळी दळण मी होते, एवढंच. आणलं की त्याने."

दादाने माझ्या हातातून डबा सोडवून घेतला आणि जिना उतरला.